आईचा आवाज कोणाच्या गळ्यातून?

आल्फ्रेड हिचकॉक यांच्या १९६०च्या ‘सायको’ चित्रपटाच्या अखेरीस नॉर्मन बेट्स ब्लँकेट लपेटून कोठडीत बसलेला दिसतो. त्याचे ओठ मिटलेले असतात आणि ऐकू येतो तो त्याच्या कधीच मेलेल्या आईचा आवाज. हा प्रसंग पाहून ‘हाच स्किझोफ्रेनिया’ असे ठामपणे सांगणारे आजही भेटतात, आणि त्यात ‘छिन्नमनस्कता’ या आपल्या मराठी शब्दाचाही थोडा दोष आहे. स्विस मनोविकारतज्ज्ञ ऑयगेन ब्लॉयलर यांनी १९०८मध्ये स्किझोफ्रेनिया हे नाव सुचवले, तेव्हा त्यांना विचार, भावना आणि वर्तन यांची फारकत अभिप्रेत होती. एका देहात दोन माणसे नव्हेत. नॉर्मनचा आजार फार तर दुभंग व्यक्तिमत्त्वाचे भडक चित्रण म्हणता येईल, आणि तो विकार निराळा.

आवाज ऐकू येणे हे मात्र स्किझोफ्रेनियाचे ठळक लक्षण खरेच आहे, आणि त्याची एक उपपत्ती मला चित्रपटातल्या रहस्याहून अधिक थरारक वाटते. स्वतःच्या तळपायाला स्वतःच गुदगुल्या करून पाहा. फारशा होत नाहीत. स्नायूंना आदेश धाडतानाच मेंदू त्याची स्थळप्रत स्वतःकडे ठेवतो, तिच्यावरून येणाऱ्या संवेदनेचा अंदाज बांधतो आणि तो जुळला की ती संवेदना दाबून टाकतो. बोलतानाही तेच घडते: आपलाच ध्वनिमुद्रित आवाज नुसता ऐकताना श्रवणकेंद्र जेवढा प्रतिसाद देते, त्याहून प्रत्यक्ष बोलतानाचा प्रतिसाद क्षीण असतो, आणि सुमारे एक दशांश सेकंदात उमटणारा हा फरक मेंदूच्या विद्युत आलेखात मोजता येतो. स्किझोफ्रेनियाच्या रुग्णांत तो कमी आढळतो. स्थळप्रत जुळली नाही, की मनातल्या मनात उच्चारलेले वाक्य ‘जावक’ असूनही ‘आवक’ म्हणून नोंदले जाते. सगळेच भास यातून उलगडत नाहीत. पण २०००मध्ये सारा-जेन ब्लेकमोर आणि सहकाऱ्यांना असे आढळले, की आवाज ऐकणाऱ्या रुग्णांना स्वतःचा स्पर्श आणि परका स्पर्श जवळपास सारखाच जाणवतो.

‘बाहेरची बाधा’ उतरवणारे मांत्रिक नेमकी हीच चुकीची नोंद खरी मानून चालतात, आणि तेवढ्यात उपचारांची मोलाची वर्षे निघून जातात.

अमेरिकेतील लुई गुल्ड यांनी तर १९४९मध्ये आवाज ऐकणाऱ्या एका रुग्णाच्या गळ्यातील अस्फुट कुजबुज ध्वनिवर्धकाने मोठी करून ऐकली होती, आणि ‘ते आवाज’ जे बोलतात असे रुग्ण सांगे, तेच त्या कुजबुजीत होते.