ओव्हनमध्ये व्हिस्की खरंच ‘उडून’ जाते?
अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या राज्यांत थँक्सगिव्हिंगला (नोव्हेंबरातल्या कृतज्ञतेच्या सणाला) रताळ्याचं कॅसरोल, म्हणजे ओव्हनमध्ये भाजलेला पदार्थ, होतंच: कुस्करलेली रताळी, लोणी, ब्राउन शुगर, वर पिकान (अक्रोडासारखा सुकामेवा), आणि कुणाकुणाकडे दोन-तीन चमचे बर्बन व्हिस्की. ‘भाजताना दारू उडून जाते, मुलांनाही वाढा,’ हे त्याबरोबरचं ठरलेलं वाक्य. ते चूक आहे. अल्कोहोल ७८ अंशांना उकळतं हे खरं. पण पाण्यात मिसळलं की ते एकटं निघून जात नाही, वाफेबरोबर हळूहळू सुटतं. अमेरिकी कृषी खात्याच्या तक्त्यानुसार मिश्रणात ढवळलेल्या अल्कोहोलपैकी अर्धा तास भाजल्यावर सुमारे ३५ टक्के उरतं, तासाभरानंतरही २५. पेटवून ज्वाळा काढल्या (दिसायला झकास!) तर तब्बल ७५. वाटणीला येणारं प्रमाण थोडंच, मान्य. पण ज्यांना दारू वर्ज्य आहे त्यांच्यासाठी सरळ संत्र्याचा रस घाला. रताळ्याबरोबर तोही छान लागतो.