जार्डीन: हौशी कर्णधार, नावापुरता वकील

इंग्लंडचा क्रिकेट कर्णधार डग्लस जार्डीन याचा जन्म मुंबईतला, मलबार हिलवरचा. तारीख २३ ऑक्टोबर १९००. घराणं मूळचं स्कॉटिश, पण दोन पिढ्यांची वकिली हिंदुस्थानातली. आजोबा अलाहाबाद हायकोर्टात न्यायाधीश होते. वडील माल्कम जार्डीन सिमल्यात जन्मले, ऑक्सफर्डकडून चार वर्षं खेळले आणि १८९२ च्या केंब्रिजविरुद्धच्या सामन्यात त्यांनी १४० धावा काढल्या. पुढे बॅरिस्टर होऊन ते मुंबईत आले आणि इलाख्याच्या अ‍ॅडव्होकेट जनरलपदापर्यंत पोचले. साहेबांच्या मुलांना शाळेसाठी विलायतेला धाडायचं, ही तेव्हाची रीत. डग्लसलाही नवव्या वर्षी स्कॉटलंडला मावशीकडे पाठवलं. पुढे विंचेस्टर आणि मग ऑक्सफर्ड. १९२६ मध्ये तो सॉलिसिटर झाला, मात्र वकिली त्याने फारशी केली नाही. पोटापाण्यासाठी मुख्यतः बँकेतली नोकरी आणि उत्तरायुष्यात पत्रकारिता.

क्रिकेटमधली त्याची सत्ता समजून घ्यायची तर ‘हौशी’ या दर्जाकडे पाहावं लागतं. इंग्लंडमधल्या काउंटी संघात दोन जातीचे खेळाडू असत. व्यावसायिकाला खेळण्याचे पैसे मिळत. हौशी खेळाडूला फक्त प्रवासखर्च आणि राहण्याजेवण्याचा खर्च. ड्रेसिंग रूम वेगळ्या, बऱ्याच मैदानांवर आत शिरायची फाटकंही वेगळी. धावफलकाच्या छापील कागदावर हौशी माणसाची आद्याक्षरं आडनावाच्या आधी, व्यावसायिकाची आडनावानंतर, नाहीतर नुसतंच आडनाव. आणि कर्णधार हौशीच असायचा, हा अलिखित नियम.

या व्यवस्थेचा काच हौशी खेळाडूलाही होई. पगार दुसरीकडून यायचा, त्यामुळे कामातून सुटका होईल तेवढंच खेळायचं. १९३० मध्ये ऑस्ट्रेलियाच्या ब्रॅडमनने इंग्लंडमध्ये पाच कसोटींत ९७४ धावा कुटल्या, त्या मालिकेत जार्डीन नव्हता. कामधंद्यामुळे त्याला वेळच नव्हता. पुढच्याच वर्षी त्याच्याकडे इंग्लंडचं कर्णधारपद आलं, कारण फलंदाजी पक्की, डोकं शाबूत आणि हौशी, असे तिन्ही गुण एकत्र असलेली माणसं मोजकीच होती.

१९३२-३३ च्या ऑस्ट्रेलिया दौऱ्यात ब्रॅडमनला रोखण्याची तयारी मात्र त्याने खटल्याची करावी तशी केली. ऑगस्ट १९३२ मध्ये लंडनच्या पिकॅडिली हॉटेलात तो नॉटिंगहॅमशायरचा कर्णधार आर्थर कार आणि त्याचे दोन गोलंदाज, लारवूड आणि व्होस, यांना भेटला. १९११-१२ च्या ऑस्ट्रेलिया दौऱ्यात लेग साइडला, म्हणजे फलंदाजाच्या पायांकडच्या बाजूला, क्षेत्ररक्षक पेरून गोलंदाजी केलेल्या फ्रँक फॉस्टरकडून त्याने त्या जागा समजून घेतल्या. मांडणी अशी: लेग स्लिपपासून शॉर्ट लेगपर्यंत पाच-सहा जण बॅटच्या जवळ, हुकसाठी एक-दोन जण सीमारेषेपाशी, ऑफ साइड जवळपास मोकळी. चेंडू आखूड टप्प्याचा, अंगाच्या रोखाने. बॅट मध्ये घातली तर झेल, हुक मारला तर मागे माणूस, सोडला तर बरगडीवर. त्या काळच्या नियमांत याला कुठेही बंदी नव्हती, आणि नियमाच्या अक्षराबाहेर जार्डीनला काही ऐकायचं नव्हतं. वकिलीचं शिक्षण वाया गेलं असं म्हणवत नाही.

ही चाल चालायला दोन गोष्टी लागतात: भन्नाट वेग आणि अचूक दिशा. वेग कमी पडला की तोच चेंडू हुकचं आमंत्रण ठरतो. लारवूडकडे दोन्ही होतं. मालिकेत त्याने ३३ बळी घेतले. ब्रॅडमनची सरासरी ५६.५७ वर आली आणि इंग्लंडने मालिका ४-१ अशी जिंकली. अ‍ॅडलेडला ऑस्ट्रेलियाचा कर्णधार वुडफुल याच्या छातीवर चेंडू बसला. त्यांचा यष्टिरक्षक ओल्डफिल्ड याची कवटी तडकली, तो चेंडू मात्र साध्या क्षेत्ररचनेतला होता, हे सहसा सांगितलं जात नाही. १८ जानेवारी १९३३ ला ऑस्ट्रेलियन मंडळाची ‘अखिलाडू वृत्ती’चा ठपका ठेवणारी तार एमसीसीला, म्हणजे इंग्लिश क्रिकेट चालवणाऱ्या क्लबला, गेली.

संघातल्या गबी अ‍ॅलनने असे चेंडू टाकायला साफ नकार दिला आणि तरी तो पाचही कसोटी खेळला. तो हौशी होता. पतौडीच्या नवाबांनी लेगच्या सापळ्यात उभं राहायला नकार दिला. पहिल्या कसोटीत शतक काढूनही दुसरीनंतर त्यांना वगळलं. लारवूड व्यावसायिक, त्याला तर नकाराची सोयच नव्हती. सिडनीच्या शेवटच्या कसोटीत पायाचं हाड मोडलेलं असताना, ब्रॅडमन बाद होईपर्यंत जार्डीनने त्याला मैदान सोडू दिलं नाही. पुढे माफीनामा मागितला गेला तोही लारवूडकडून; त्याने तो दिला नाही आणि इंग्लंडकडून पुन्हा खेळला नाही.

जार्डीन स्वतः चेंडूला घाबरणारा नव्हता. १९३३ मध्ये मँचेस्टरला वेस्ट इंडीजच्या कॉन्स्टंटाइन आणि मार्टिंडेल यांनी हेच अस्त्र त्याच्यावर उलटवलं. त्याने १२७ धावा काढल्या, कारकिर्दीतलं एकमेव कसोटी शतक.

त्याच हिवाळ्यात तो जन्मगावी परतला, कर्णधार म्हणूनच. भारतातली पहिली अधिकृत कसोटी १५ डिसेंबर १९३३ ला बॉम्बे जिमखान्यावर सुरू झाली. ब्रेबॉर्न स्टेडियम व्हायला अजून चार वर्षं होती. जिमखाना गोऱ्यांचा, भारतीयांना सभासदत्व नाही, पण कसोटी तिथेच. भारत २१९, इंग्लंड ४३८. निस्सारने पाच बळी घेतले. दुसऱ्या डावात २ बाद २१ वरून लाला अमरनाथ आणि सी. के. नायडू यांनी १८६ धावांची भागी केली. अमरनाथ ११८, नायडू ६७. सामना तरीही इंग्लंडने नऊ गडी राखून घेतला. विजय मर्चंट आणि एल. पी. जय यांचं पदार्पणही याच सामन्यातलं.

लारवूड आणि व्होस दौऱ्यावर नव्हते, पण आखूड चेंडू थांबले नव्हते. कलकत्त्याला दिलावर हुसेनच्या डोक्याला निकोल्सचा चेंडू लागला. तो परत येऊन ५९ आणि ५७ काढून गेला. मद्रासला नऊमल जेऊमलला क्लार्कने जखमी केलं.

मालिका २-० अशी जिंकून जार्डीनने मार्च १९३४ मध्ये कळवून टाकलं की ऑस्ट्रेलियाविरुद्ध खेळण्याची आपली इच्छा नाही. २२ कसोटी, १२९६ धावा, सरासरी ४८. कर्णधार म्हणून १५ पैकी नऊ विजय आणि एकच पराभव. दुसऱ्या महायुद्धात लष्करी नोकरीनिमित्त तो पुन्हा हिंदुस्थानात, क्वेट्टा आणि सिमल्यात, राहिला. १९५८ मध्ये स्वित्झर्लंडमध्ये कर्करोगाने गेला. त्याच्या आदल्याच वर्षी लेग साइडला यष्टीमागच्या बाजूस दोनपेक्षा जास्त क्षेत्ररक्षक ठेवायला बंदी आली होती. हौशी-व्यावसायिक हा भेद मात्र १९६२ च्या नोव्हेंबरपर्यंत टिकला.