लिटल बिगहॉर्नच्या लढाईचे संशोधन

अमेरिकेच्या माँटाना प्रदेशातील लिटल बिगहॉर्न नदीकाठी २५ व २६ जून १८७६ रोजी झालेल्या लढाईचा इतिहासकारांनी घेतलेला शोध. लाकोटा, उत्तर शायेन व अरापाहो या मूलनिवासी जमातींच्या योद्ध्यांनी अमेरिकी लष्कराचा लेफ्टनंट कर्नल जॉर्ज कस्टर आणि त्याच्याबरोबरच्या पाच तुकड्या, म्हणजे सुमारे २१० माणसे, कापून काढली. ‘सांगायला कोणी उरलेच नाही’ ही समजूत तेव्हापासून रुजली. ती निम्मीच खरी होती. सांगणारे पुष्कळ होते, पण ते जिंकलेल्या बाजूचे. लढाईत दुसऱ्या तुकड्यांचे नेतृत्व करून बचावलेल्या मेजर रीनोच्या वर्तनाची १८७९ मध्ये शिकागोत लष्करी चौकशी झाली, तेव्हा एकाही लाकोटा वा शायेन माणसाची जबानी घेतली गेली नाही.

ही उणीव भरून काढली ती वॉल्टर मेसन कॅम्प (१८६७–१९२५) याने. हा पेशाने इतिहासकार नव्हे. शिकागोतील रेल्वेविषयक नियतकालिकाचा संपादक, रुळांच्या बांधणीवर जाडजूड ग्रंथ लिहिलेला अभियंता. कस्टरचा शेवटचा निरोप घेऊन निघालेला बिगुलवाला जॉन मार्टिन, लष्कराचा क्रो जमातीचा टेहळ्या कर्ली, ‘ही डॉग’ (He Dog) नावाचा लाकोटा योद्धा अशा कितीतरी जणांना त्याने गाठले. त्याचे प्रश्न शौर्याचे नसत: कोणत्या टेकडीवरून दिसले, घोडे कोठे सोडले, किती वेळ लागला. कर्लीला अनेकांनी थापाड्या ठरवले होते. कॅम्पने त्याला वेगवेगळ्या वर्षी पुन्हापुन्हा विचारले. दुभाषा बदलला की हकिगतही थोडी बदले, हे ध्यानात घेतल्याशिवाय या टिपणांना हात लावू नये.

कॅम्पचे पुस्तक मात्र झालेच नाही. त्याच्या मृत्यूनंतर कागद निरनिराळ्या ग्रंथालयांत विखुरले. केनेथ हॅमर या संशोधकाने त्यांतील मुलाखतींची निवड १९७६ मध्ये छापली. पुढे जॉन ग्रे या इतिहासकाराने अंतर आणि वेळ यांचा मिनिटामिनिटाचा ताळा मांडला, त्यात कर्लीची जबानी बरीचशी टिकली.

ऑगस्ट १९८३ मध्ये रणभूमीवरचे गवत वणव्यात जळाले आणि जमीन उघडी पडली. पुढील दोन वर्षे डग्लस स्कॉट व रिचर्ड फॉक्स या पुरातत्त्वज्ञांनी धातुशोधक यंत्रे घेऊन ती पिंजून काढली. बंदुकीची सुई काडतुसाच्या बुडावर जो ठसा उमटवते तो प्रत्येक बंदुकीचा निराळा असतो. त्यामुळे एकच बंदूक या टेकडीवरून त्या टेकडीवर कशी सरकली हे रिकाम्या काडतुसांवरून कळू लागले. सैनिकांची स्प्रिंगफील्ड बंदूक एकबारी होती. योद्ध्यांपैकी अनेकांकडे हेन्री व विंचेस्टर या एकामागून एक गोळ्या झाडणाऱ्या रायफली होत्या. चित्रांतून दिसणारी, अखेरपर्यंत फळी धरून झालेली झुंज फॉक्सला पुराव्यात सापडली नाही. शिस्त मोडून पांगापांग झाली असे त्याचे मत. योद्धे बरेच आधीपासून तसेच सांगत होते.

सैनिक जेथे पडले तेथे १८९० मध्ये संगमरवरी दगड उभारले गेले. त्यांची संख्या कस्टरच्या तुकड्यांतील मृतांपेक्षा जास्त भरते. उत्खननात जोडीने लावलेल्या दोन दगडांखाली बहुधा एकाच माणसाची हाडे मिळाली.