कोर्टाने बंदोबस्त दिला म्हणजे भरती रद्द होते?

‘परीक्षेला कोर्टाच्या आदेशाने पोलीस लावलेत, म्हणजे भरती अडकली, जाऊन उपयोग नाही.’ सदाशिव पेठेतल्या अभ्यासिकांमध्ये हा समज वर्षानुवर्षं फिरतोय. तो चुकीचा आहे. त्यापायी कुणी घरी बसलं, तर नुकसान फक्त त्याचंच.

परीक्षा थांबवायची असेल तर न्यायालय स्थगिती देतं. बंदोबस्ताचा आदेश नेमका उलट कारणासाठी असतो: कुणी केंद्रावर गोंधळ घालण्याची, उमेदवारांना अडवण्याची भीती असली, तरी परीक्षा पार पडावी म्हणून. राज्यघटनेच्या कलम २२६ खाली उच्च न्यायालय पोलिसांना तसे निर्देश देऊ शकतं. पुण्यातली अशी प्रकरणं मुंबईत चालतात. उच्च न्यायालयाच्या कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे (तिथे बसणाऱ्या खंडपीठाकडे) पुणे जिल्हा नाही.

पेपर फुटला असाही अर्थ लावू नका. पेपरफुटी हा वेगळा गुन्हा, त्याचा वेगळा तपास. केंद्राबाहेर जमावबंदी दिसते ती बहुतेकदा कोर्टाची नसतेच. त्यासाठी पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेचं कलम १४४ होतं, १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १६३ आहे. असा आदेश प्रशासन स्वतःही काढतं.

एक अट मात्र आदेशात नीट शोधा: ‘नियुक्त्या याचिकेच्या अंतिम निकालाच्या अधीन राहतील.’ ती असेल तर निवड झाल्यावरही टांगती तलवार राहते, आणि ही चिंता खरी आहे. पण पेपर त्याच दिवशी, त्याच वेळी होतो. फॉरवर्ड बघून स्वारगेटची गाडी सोडू नका. भरती घेणाऱ्या संस्थेच्या संकेतस्थळावरची सूचना वाचा, हॉल तिकीट आणि मूळ ओळखपत्र घ्या, आणि गेटवर तपासणीला वेळ लागेल म्हणून लवकर पोहोचा.