गाडी अडकली? ठोकळा सरकेना? फोन करण्याआधी हे वाचा

(ठोकळे सरकवायच्या खेळांसाठी आमच्या ग्राहकांना माहितीपत्रक)

नमस्कार.

आमचं मूळ काम पॅटर्नचं, म्हणजे ओतकामाचे साचे बनवायला लागणाऱ्या लाकडी नमुन्यांचं. कोल्हापुरात उद्यमनगरला फौंड्रीवाल्यांना लाकडी पॅटर्न करून देतो. सागवानाचे तुकडे उरायचे, त्यातून घरच्या पोरांसाठी आकड्यांचा एक पट केला. शेजाऱ्यांनी मागितला, मग पाहुण्यांनी मागितला. धाकट्या भावानं तेच खेळ फोनवर आणले आणि आता लाकडी पटापेक्षा फोनवर खेळणारेच जास्त झालेत. तक्रारीही अर्थातच फोनवरच्याच: "अमुक लेव्हल सुटतच नाही, चुकीची दिसतेय."

लेव्हल चुकीची नसते. एकदा मात्र खरोखर चुकीची होती, ते खाली कबूल केलंय.

आमच्या फोनवरच्या खेळात तीन प्रकार आहेत: 'गाडी काढा', 'पंधराचा पट' आणि 'थोरला ठोकळा'. तिन्ही वेगळे दिसतात, पण अडकणारा माणूस तिन्हीकडं एकाच कारणानं अडकतो. तो हलवायच्या ठोकळ्याकडं बघत बसतो आणि मोकळ्या घराकडं त्याचं लक्षच नसतं. खेळ मोकळ्या घरांचा आहे.

गाडी काढा

सहा बाय सहाचा पट. लाल गाडी तिसऱ्या ओळीत आडवी, बाहेरचा रस्ता त्याच ओळीच्या उजव्या टोकाला. गाड्या फक्त पुढं-मागं सरकतात, वळत नाहीत. ही कल्पना नोब योशिगाहारा या जपानी कोडेकाराची, १९७० च्या दशकातली. शनिवार-रविवारी महाद्वार रोडच्या बाजूला गाडी घेऊन गेलेल्या माणसाला हा खेळ समजावून सांगायला लागत नाही.

बहुतेक जण काय करतात? जी गाडी हलते ती हलवून बघतात. दहा-पंधरा वेळा बोट फिरवलं की पट होता तसाच, फक्त डोकं जास्त गरम. त्यापेक्षा बोट बाजूला ठेवा आणि घोडं कुठं पेंड खातंय ते उलट्या बाजूनं शोधा. लालला कोण अडवतंय? त्याला कोण अडवतंय? आणि त्याला? ही साखळी मोकळ्या घरापर्यंत पोचली की तिथून हलवायला सुरुवात करा.

एक लेव्हल इथं मांडूनच दाखवतो. ल म्हणजे लाल गाडी, ट म्हणजे तीन घरांचा ट्रक, प पांढरी, न निळी, ह हिरवी, क काळी. आडवी रेघ म्हणजे मोकळं घर.

– – – ट – –
– – – ट क क
ल ल – ट – –  ← रस्ता इथून उजवीकडं
– – – – – –
– – न प प ह
– – न – – ह

लालला ट्रक अडवतोय. आता एक गोष्ट कायमची लक्षात ठेवा, निम्म्या लेव्हल तिच्यावरच सुटतात: बाहेरचा रस्ता तिसऱ्या ओळीत आहे, म्हणजे त्याच्या वर दोनच ओळी उरतात. तीन घरांचा उभा ट्रक वर मावणारच नाही. त्याला तळाच्या तीन ओळींतच जायला लागतं, दुसरा पर्याय नाही. उभा ट्रक दिसला की तो शेवटी कुठं असणार हे तुम्हाला पहिल्याच क्षणी माहीत असतं. मग त्याच्या खालची जागा कुणी धरलीय एवढंच बघायचं.

खाली पांढरी आहे. तिला डावीकडं घ्यायचं तर निळी मध्ये, उजवीकडं घ्यायचं तर हिरवी मध्ये. इथं बरेच जण उजवीकडं जातात, कारण हिरवी लगेच वर सरकते. पण काळी वर बसलीय, त्यामुळं हिरवी तिसऱ्या-चौथ्या ओळीतच थांबते, म्हणजे नेमकी लालच्या रस्त्यात. तरीही लेव्हल सुटते: हिरवी वर, पांढरी उजवीकडं, ट्रक खाली, काळी एक घर डावीकडं, हिरवी आणखी वर, लाल बाहेर. सहा चाली.

आता डावीकडून बघा. निळीच्या वरचा सगळा उभा रस्ता मोकळा आहे. निळी थेट पहिल्या-दुसऱ्या ओळीत, पांढरी दोन घरं डावीकडं, ट्रक खाली, लाल बाहेर. चार चाली, आणि तिसरा तारा मिळतो.

फरक कुठं पडला? हिरवी अर्ध्या वाटेवर, चुकीच्या ओळीत थांबली. गाडी हलते का, एवढंच बघू नका. ती थांबणार कुठं, ते बघा. तिसऱ्या ओळीत थांबलेली गाडी म्हणजे उसनं घेतलेले पैसे, परत हलवायला लागतेच. अवघड लेव्हलमध्ये असं उसनं घ्यायलाच लागतं, क्वचित लाल गाडीसुद्धा एक घर मागं घ्यावी लागते. पुढं जायची म्हणून ती मागं घ्यायची नाही, असा हट्ट धरू नका.

पंधराचा पट

चार बाय चार, पंधरा आकडे, एक घर मोकळं. आकडे सरकवत १ ते १५ ओळीनं लावायचे, मोकळं घर शेवटी उजव्या खालच्या कोपऱ्यात. हा खेळ अमेरिकेतला. १८८० साली तिथं त्याचं अक्षरशः वेड लागलं होतं. सॅम लॉइड नावाचे एक कोडेकार 'हा माझाच शोध' म्हणून पुढं आयुष्यभर सांगत राहिले, पण ते खरं नव्हे. त्याआधीच नॉइज चॅपमन या पोस्टमास्तरांनी तो तयार केला होता.

सुरुवातीला एकेक आकडा जागेवर नेण्याबद्दल. आकडा डावीकडं एक घर सरकला की मोकळं घर त्याच्या उजवीकडं येतं. त्याच दिशेला आणखी एक घर न्यायचा तर मोकळं घर वळसा घालून पुढं आणायला चार चाली आणि आकड्याची एक, अशा पाच. पण तोच आकडा आता डावीकडं न नेता खाली नेला तर दोन आणि एक, तीनच चाली. म्हणजे आकड्याला दोन घरं डावीकडं आणि दोन खाली जायचं असेल तर सरळ रेषेत नेऊ नका. जिना उतरल्यासारखा न्या, एकदा डावीकडं, एकदा खाली. घरं तेवढीच, चाली कमी. आमच्या भावानं हे कागदावर मोजून दाखवलं तेव्हा आम्हालाही पहिल्यांदाच कळलं, आणि आम्ही तर पट विकतो!

१ आणि २ सगळ्यांनाच जमतात. ३ जागेवर बसवून ४ आणायला गेलं की ३ परत हलवायला लागतो, आणि इथंच लोक फोन आपटायच्या बेतात येतात. ३ ला त्याच्या जागी नेऊच नका. त्याला ४ च्या जागी, म्हणजे उजव्या कोपऱ्यात बसवा. ४ ला बरोबर त्याच्या खाली आणा. मोकळं घर ३ च्या खऱ्या जागी आणा. आता ३ डावीकडं, ४ वर. दोन चालीत ओळ पूर्ण. ३ आणि ४ कोपऱ्यात उलटे बसले असतील, ४ डावीकडं आणि ३ उजवीकडं, तर तिथंच झटापट करू नका. ४ ला तिसऱ्या ओळीपर्यंत लांब नेऊन सोडा आणि नव्यानं सुरू करा. लांबचा वळसा वाटतो, पण लवकर पोचवतो.

दुसरी ओळ तशीच. तिसरी आणि चौथी मात्र ओळीनं करू नका, डावीकडून उभ्या जोड्या लावा: आधी ९ आणि १३, मग १० आणि १४. युक्ती तीच, फक्त आडवी केलेली. ९ ला डाव्या खालच्या कोपऱ्यात, १३ त्याच्या उजवीकडं, मोकळं घर ९ च्या जागी. मग ९ वर, १३ डावीकडं. शेवटी चार घरांत ११, १२, १५ उरतात, ते गोल फिरवले की आपोआप बसतात.

बसत नसतील तर पुढचं वाचा.

आमची चूक

पहिल्या आवृत्तीत आम्ही आकडे पिशवीतल्या सोंगट्यांसारखे कसेही टाकत होतो. मंगळवार पेठेतल्या एक काकू चार रात्री जागल्या. सगळं लागलं, फक्त शेवटी १५ आणि १४ उलटे. पाचव्या दिवशी फोन हातात घेऊन दुकानात आल्या: "काय ओ, फसवताय व्हय लोकास्नी?" भावानं तासभर झटून बघितलं आणि गप्प झाला. काकूंचं बरोबर होतं. ती मांडणी सुटणारी नव्हतीच.

कारण असं. पटाला बुद्धिबळासारखी काळी-पांढरी घरं आहेत असं समजा. प्रत्येक चालीत मोकळं घर रंग बदलतं. म्हणजे ते फिरून आपल्या कोपऱ्यात परत आलं तर चाली सम संख्येतच झालेल्या असणार. प्रत्येक चाल म्हणजे एक अदलाबदल. फक्त १४ आणि १५ बदलायचे तर अदलाबदली विषम लागतात. सम चालीत विषम अदलाबदली बसवायच्या कशा? हे १८७९ सालीच अमेरिकेतल्या गणिताच्या एका नियतकालिकात सिद्ध करून छापलेलं होतं. सॅम लॉइड यांनी याच उलट्या १४-१५ वर १००० डॉलरचं बक्षीस लावलं होतं. ते कुणाला मिळणं शक्यच नव्हतं.

कसेही टाकलेल्या मांडण्यांपैकी नेमक्या निम्म्या अशा न सुटणाऱ्या असतात. उरलेल्या निम्म्याही थोड्या नाहीत, मोकळं घर कुठंही धरलं तर साडेदहा लाख कोटींच्या आसपास भरतात, आणि त्यातली कुठलीही जास्तीत जास्त ८० चालीत सुटते. आता आमचा खेळ लावलेल्या पटापासून सुरू करून खऱ्या चालींनीच विस्कटतो, त्यामुळं फोनवर येणारी प्रत्येक मांडणी सुटणारी असते. जुनी आवृत्ती असेल तर अपडेट करून घ्या. काकूंना आम्ही एक लाकडी पट दिला. त्यांनी घेतला, पण पेठेत गोष्ट सांगायची ती सांगितलीच.

लाकडी पटातले ठोकळे पोरांनी उचकटून परत बसवले असतील तर तपासा. मोकळं घर उजव्या खालच्या कोपऱ्यात ठेवा. वरून सुरू करून, ओळीनं डावीकडून उजवीकडं वाचत, प्रत्येक आकड्याच्या नंतर त्याच्यापेक्षा लहान आकडे किती येतात ते मोजा आणि सगळ्यांची बेरीज करा. सम आली तर खेळा. विषम आली तर दोन ठोकळे काढून अदलाबदल करा आणि कुणाला सांगू नका.

फोटोच्या पटाबद्दल एक गंमत. काही जण रंकाळ्याचा फोटो लावतात आणि मग कळवतात की शेवटचे दोन तुकडे उलटे येतात. तुमच्या फोटोत पाण्याचे दोन तुकडे हुबेहूब सारखे आहेत आणि तुम्ही ते एकमेकांच्या जागी बसवलेत. दिसायला बरोबर, हिशेबाला चूक. ते दोन बदलायला घेतले की शेवटचे दोनही जागेवर येतात. सेटिंगमध्ये 'आकडे दाखवा' चालू करा, लगेच दिसेल.

थोरला ठोकळा

चार घरं रुंद, पाच घरं उंच. चार घरांचा एक थोरला, दोन घरांचे पाच, एकेकट्या घराचे चार, आणि मोकळी फक्त दोन. थोरल्याला तळाच्या मधल्या दारातून काढायचं. चीनमध्ये थोरला म्हणजे त्साव त्साव नावाचा, खिंडीतून निसटणारा सेनापती. नेहमीची मांडणी कमीत कमी ८१ चालीत सुटते. म्हणून विसाव्या चालीला 'होत नाही' म्हणून कळवू नका.

सांगण्यासारखं एकच: थोरला एक घर सरकायला दोन्ही मोकळी घरं त्याच्या एकाच बाजूला शेजारी-शेजारी लागतात. मोकळी घरं लांब-लांब पडली तर तो जागचा हलत नाही. म्हणून एकेकटे ठोकळे जोडीनं फिरवा, दोन मिळून एका मोठ्यासारखे. ते विखुरले की मोकळी घरंही विखुरतात. बाकी हा खेळ चिकाटीचा आहे, युक्तीनं फार पळत नाही.

फोनचं थोडंसं

काचेवर पाण्याचा थेंब असेल किंवा बोट तेलकट असेल तर ठोकळा अर्ध्यात थांबतो किंवा भलताच सरकतो. भेळ खाऊन झाल्यावर खेळा. जाड काच लावलेल्या काही फोनवर कडेची ओळ नीट लागत नाही, त्यासाठी सेटिंगमध्ये 'पट लहान करा' आहे. 'मागं घ्या' कितीही वेळा दाबा, तारे कमी होत नाहीत. 'सूचना' दाबली की एकच पुढची चाल दिसते आणि एक तारा जातो. नव्या माणसानं तीन बाय तीनच्या पटापासून सुरुवात करावी. त्यात सुटणाऱ्या मांडण्या १,८१,४४० आहेत आणि कुठलीही जास्तीत जास्त ३१ चालीत सुटते.

लाकडी पटाचा एखादा ठोकळा हरवला, तर पट सोबत घेऊन या. नुसता आकडा फोनवर सांगून चालत नाही, कारण पावसाळ्यात सागवानही थोडं फुगतं आणि खाच प्रत्येक पटाची केसभर वेगळी असते. पट बघून ठोकळा त्याच दिवशी करून देतो. सोमवारी बंद.