एआरेंडिलचा तारा: आधी शब्द, मग आकाश

जे. आर. आर. टोल्कीन या इंग्रज लेखकाच्या मिडल-अर्थ या काल्पनिक जगात सूर्य मावळल्यावर पश्चिमेला, नाहीतर पहाटे पूर्वेला, एक अतिशय तेजस्वी तारा दिसतो. तिथले लोक त्याला तारा म्हणतात, पण असतं ते जहाज. विंगिलोट त्याचं नाव. त्याचा नाखवा एआरेंडिल कपाळावर सिल्मारिल हे रत्न बांधून आकाशातून फिरत असतो आणि त्या रत्नाचा उजेड खालपर्यंत पोचतो. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ ही त्यांची कादंबरी पहिल्यांदा वाचताना मला हा तारा नुसती मागची सजावट वाटला होता. पुढे कळलं, की कादंबरीतली जादूची अंगठी नव्हती, हॉबिट नावाची बुटकी माणसं नव्हती, मिडल-अर्थही नव्हतं, तेव्हा हा तारा होता. आणि त्याच्याही आधी होता एक शब्द.

इंग्लंडमध्ये एक्सेटरच्या कॅथेड्रलमध्ये जुन्या इंग्रजी कवितांचं दहाव्या शतकातलं एक हस्तलिखित आहे. टोल्कीन यांनी १९१३ मध्ये ऑक्सफर्डला ग्रीक-लॅटिनचा अभ्यासक्रम सोडून इंग्रजी घेतलं, आणि या हस्तलिखितातली ‘क्रिस्ट’ ही कविता त्यांच्यासमोर आली. त्यात एक हाक आहे: ‘एआला एआरेंडेल, एंग्ला बेओर्हटास्ट, ओफर मिद्दनगेआर्ड मोनम सेंडेड.’ म्हणजे, हे एआरेंडेल, देवदूतांतल्या सर्वांत तेजस्वी, मिद्दनगेआर्डवरच्या माणसांसाठी पाठवलेल्या! मिद्दनगेआर्ड म्हणजे माणसांच्या वस्तीचं मधलं जग. मिडल-अर्थ हे नाव याच शब्दाच्या कुळातलं.

कविता ख्रिस्तजन्माची वाट पाहणारी, धार्मिक आहे. पण ‘एआरेंडेल’ हा शब्द त्याहून जुना असावा, असं टोल्कीन यांना वाटलं. त्याचा नाद त्यांना विलक्षण गोड वाटला होता, हे त्यांनी पुढे पत्रात लिहून ठेवलं आहे. नॉर्स पुराणात याच नावाचा भाऊबंद भेटतो, ऑर्वांडिल. थोर हा देव त्याला टोपलीत घालून, पाठीवर घेऊन बर्फाळ नद्या ओलांडतो. पायाचं एक बोट टोपलीबाहेर राहून गारठतं. थोर ते मोडून आकाशात भिरकावतो आणि त्याचा तारा होतो. मूळचं हे नाव पहाटेच्या ताऱ्याचं असावं, असा टोल्कीन यांचा कौल होता. पहाटेचा तारा म्हणजे आपली शुक्राची चांदणी. शुक्र सूर्यापासून ४७ अंशांच्या आसपास, त्याहून लांब कधी जात नाही, म्हणून तो संध्याकाळी नाहीतर पहाटेच दिसतो. एआरेंडिलच्या जहाजाच्या वेळाही त्याच आहेत.

२४ सप्टेंबर १९१४. ब्रिटन महायुद्धात उतरून सात आठवडे झाले होते. नॉटिंगहॅमजवळ गेडलिंग इथे मावशीच्या फीनिक्स फार्मवर २२ वर्षांच्या टोल्कीन यांनी एक कविता लिहिली. एक खलाशी समुद्राच्या काठावरून थेट आकाशात झेप घेतो, रात्रभर जहाज हाकतो आणि पहाट डोळ्यांत घेऊन विझून जातो. जी. बी. स्मिथ या शाळेपासूनच्या मित्राने कविता वाचली आणि विचारलं, ही नेमकी कशाबद्दल आहे? टोल्कीन यांचं उत्तर त्यांच्या चरित्रात नोंदलेलं आहे: ठाऊक नाही, शोधून काढायचा प्रयत्न करतो.

मला या उत्तरातला ‘शोधून काढतो’ हा शब्दप्रयोग फार मोलाचा वाटतो. ते ‘रचतो’ म्हणाले नाहीत. एका नावामागे हरवलेली गोष्ट असणारच, अशी भाषेच्या अभ्यासकाची खात्री त्यात आहे.

विचारणारा स्मिथ १९१६ च्या डिसेंबरात फ्रान्समध्ये तोफगोळ्याच्या जखमांनी गेला. टोल्कीन फ्रान्समधल्या सोमच्या लढाईतून ट्रेंच फीव्हर, म्हणजे खंदकांतल्या सैनिकांना होणारा ताप, घेऊन घरी परतले होते. त्या आजारपणाच्या काळात त्यांनी गोंडोलिन या लपलेल्या नगरीच्या पाडावाची कथा लिहिली. त्या जळत्या नगरीतून आईवडिलांसोबत निसटणारा छोटा मुलगा म्हणजे एआरेंडिल.

पुढे गोष्ट भरत गेली. नावाला एल्फांच्या, म्हणजे टोल्कीन यांच्या कथांतल्या अमर लोकांच्या, भाषेत अर्थ मिळाला, ‘समुद्रावर जीव असलेला’. फेआनोर या एल्फ कारागिराने दोन प्रकाशवृक्षांचं तेज कोंडून केलेल्या तीन सिल्मारिलांपैकी एक एआरेंडिलच्या पत्नीकडे, एल्विंगकडे, आलं. ती पांढरा पक्षी होऊन ते रत्न घेऊन भर समुद्रात नवऱ्याच्या जहाजावर येऊन पडते. त्या उजेडाच्या बळावर तो देवांच्या किनाऱ्याला लागतो आणि एल्फ व माणसं या दोन्ही कुळांसाठी दया मागतो. दया मिळते, पण त्याला माणसांत परतायची मुभा उरत नाही. त्याचं जहाज आकाशात चढतं. खालचे लोक त्या नव्या ताऱ्याला गिल-एस्टेल म्हणतात, मोठ्या आशेचा तारा.

शतकं उलटून गेल्यावर ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मध्ये तोच उजेड गॅलाड्रिएल या एल्फ राणीने दिलेल्या काचेच्या छोट्या कुपीतून फ्रोडो या हॉबिट नायकाच्या मुठीत येतो. आपण अजून त्याच जुन्या कथेत आहोत, हे शत्रूच्या मोर्डोर या देशाच्या वाटेवर त्याचा सोबती सॅम याच्या अचानक ध्यानात येतं. मग शेलॉब या राक्षसी कोळिणीच्या काळोख्या बोगद्यात फ्रोडो कुपी उंच धरून ओरडतो, ‘आइया एआरेंडिल एलेनिओन अंकालिमा!’ हे एआरेंडिल, ताऱ्यांतल्या सर्वांत तेजस्वी. आपण काय बोललो, हे त्याला स्वतःलाच कळत नाही. ही ओळ आणि ‘एआला एआरेंडेल, एंग्ला बेओर्हटास्ट’ एकापाठोपाठ मोठ्याने म्हणून पाहा.

२०२२ मध्ये हबल दुर्बिणीने टिपलेल्या एका अतिदूरच्या ताऱ्याला शास्त्रज्ञांनी एआरेंडेल हेच नाव दिलं. त्याचा प्रकाश आपल्यापर्यंत यायला १२.९ अब्ज वर्षं लागली आहेत.

ज्याच्यापासून सगळं सुरू झालं, त्या खलाशाची कथा मात्र टोल्कीन यांच्या हातून सविस्तर लिहून झाली नाही. आराखडे आहेत, टिपणं आहेत, कविता आहेत. या जुन्या कथांचं ‘द सिल्मारिलियन’ हे पुस्तक त्यांच्या मृत्यूनंतर, १९७७ मध्ये, मुलगा ख्रिस्तोफर यांनी प्रसिद्ध केलं. त्यातलं एआरेंडिलचं प्रकरण १९३० च्या दशकातल्या संक्षिप्त मजकुरावर उभं आहे, आणि त्याच्या सागरसफरी तिथे काही ओळींतच उरकल्या आहेत.