जकुझी टब घेण्याआधी: पाणी, स्लॅब आणि पंपाची खिडकी

आमच्या दुकानात जकुझी टब बघायला आल्यावर बहुतेक जण पहिल्यांदा विचारतात, "जेट (म्हणजे जोरात पाणी सोडणारी तोंडं) किती आहेत?" आम्ही उलट विचारतो, "घरी पाणी कुठलं आहे?" लातूरमध्ये हा प्रश्न टाळून टब विकणं आम्हाला पटत नाही. एप्रिल २०१६ मध्ये मिरजेहून रेल्वेने पाणी आलं तेव्हा या शहराचा घसा ओला झाला, हे इथलं कुणीही विसरलेलं नाही.

एका माणसाच्या टबाला एका वेळी साधारण २०० ते २५० लिटर पाणी लागतं. दोघांचा टब ३५० च्या पुढे जातो. शहरी पाणीपुरवठ्यात माणशी दिवसाला १३५ लिटर हे माप धरतात, म्हणजे एकदा टब भरला की एका माणसाचं जवळजवळ दोन दिवसांचं पाणी गेलं. उन्हाळ्यात टँकर मागवावा लागत असेल तर टब घेऊ नका. चांगला शॉवर आणि बसायला पक्का कट्टा करून घ्या, तोही आम्ही बसवून देतो. पाणी पुरेसं असेल तरी टबाचा पाइप वेगळा काढून सांडपाणी एका टाकीत घ्या आणि ते संडासाच्या फ्लशला, झाडांना वापरा. हे काम फरशी बसण्याआधी स्वस्तात होतं, नंतर फोडाफोड करावी लागते.

आत काय चालतं

जकुझी हे अमेरिकेत स्थायिक झालेल्या एका इटालियन कुटुंबाचं आडनाव. हे लोक आधी शेतातल्या विहिरींचे पंप बनवत. घरातल्या एका मुलाला संधिवात होता. त्याला घरीच शेक मिळावा म्हणून त्यांनी १९५६ मध्ये टबात ठेवायचा पंप काढला. जेट टबाच्या भिंतीतच बसवलेले टब १९६८ मध्ये आले. म्हणून टब बघताना आधी पंप बघा, रंग आणि दिवे नंतर.

पाण्याच्या जेटचा टब टबातलंच पाणी ओढतो आणि हवा मिसळून जोरात परत सोडतो. पाठीला, कंबरेला दाब हवा असेल तर हाच घ्या. दुसऱ्या प्रकारात ब्लोअर तळातल्या बारीक छिद्रांतून नुसती हवा सोडतो. स्पर्श मऊ असतो, पाणी पाइपांतून फिरत नाही म्हणून सफाई सोपी जाते, पण पाणी लवकर निवतं. जेटच्या आकड्याला भुलू नका. पंप तोच असेल तर जेट वाढले की प्रत्येकाचा जोर कमी होतो. बोअरचं पाणी असलेल्या घराला आम्ही सहा ते आठ मोठ्या तोंडाचे, हाताने फिरवून काढता येणारे जेट सुचवतो.

बोअरच्या जड पाण्याचा पांढरा थर नळावर चढतो, तसाच तो जेटमध्ये आणि सगळ्यात जास्त हीटरवर चढतो. त्यामुळे अशा घरात टबाला जोडलेला हीटर आम्ही शक्यतो देत नाही. आपल्याकडे ऊन भरपूर आहे, सोलर वापरा. २५ अंशाचं पाणी आणि सोलरचं ६० अंशाचं पाणी मिसळून ३८ अंशाचे २५० लिटर करायला गरम पाणी ९५ लिटरच्या आसपास लागतं, त्यामुळे २०० लिटरचा सोलर पुरतो. २५ लिटरच्या गिझरच्या एका फेरीत टबाचा जेमतेम पाव भाग कोमट पाणी मिळतं. सगळं विजेवर तापवलं तर दर वेळी ४ युनिटच्या घरात खर्च येतो.

स्लॅब, दार आणि लाईट

साडेपाच बाय अडीच फुटांचा टब, पाणी आणि आत बसलेला माणूस मिळून वजन पावणेचारशे किलोच्या आसपास जातं. म्हणजे दर चौरस मीटरला २९० किलो. घराचा स्लॅब वापराच्या भारासाठी (माणसं, सामान) चौरस मीटरला साधारण २०० किलो धरून काढतात. वरच्या मजल्यावर बसवायचा असेल तर इंजिनिअरला दाखवल्याशिवाय ऑर्डर देऊ नका. टब बहुधा भिंतीलगत, बीमजवळ सरकवून काम भागतं. माळवदाच्या जुन्या घरात वरच्या मजल्यावर आम्ही टब बसवतच नाही.

पंपासमोर हात आणि पाना जाईल एवढी खिडकी ठेवा. मिस्त्री सुबक दिसावं म्हणून चारही बाजूंनी टाइल लावून टाकतो आणि पुढे पंप बिघडला की टाइल फोडावी लागते. दाराची रुंदी आणि जिन्याचं वळणही मोजून ठेवा.

टबाला स्वतंत्र एमसीबी (वीज जास्त ओढली गेली की लाईन तोडणारा स्विच), ३० मिलीॲम्पिअरचा आरसीसीबी (वीज गळली की शॉक बसू नये म्हणून लगेच लाईन तोडणारा स्विच) आणि पक्कं अर्थिंग हवंच, त्याशिवाय आम्ही टब चालू करून देत नाही. चैत्र-वैशाखात जमीन सुकली की अर्थिंग कमजोर पडतं, तेव्हा अर्थिंगच्या खड्ड्यात पाणी ओतत राहा. बटणं ओल्या हाताच्या पल्ल्याबाहेर ठेवा.

वापरताना

पाणी सगळ्यात वरच्या जेटच्या दोन-तीन इंच वर आल्याशिवाय पंप चालू करू नका, नाहीतर पाणी छतापर्यंत उडतं आणि पंप कोरडा ओढतो. तापमान ३८-३९ अंश ठेवा, ४० च्या वर नको. पंधरा-वीस मिनिटं पुरे. गरोदर बायकांनी, हृदयविकार किंवा बीपी असलेल्यांनी डॉक्टरांना विचारूनच बसावं. मधुमेहाने पाय बधिर झालेल्यांना चटका कळत नाही, त्यांचं पाणी दुसऱ्याने हात घालून बघावं. लांब केस बांधून बसा, पाणी ओढणाऱ्या जाळीत ते अडकू शकतात. लहान मुलांना एकटं सोडू नका. गुडघेदुखीसाठी आईवडिलांना टब घेत असाल तर आधी त्यांना दुकानात आणा. पावणेदोन-दोन फुटांच्या काठावरून पाय टाकता येतो का हे आम्ही इथेच बघतो, आणि धरायचा दांडा कुठे लावायचा तेही ठरतं.

फेसाचा साबण आणि तेल जेट चालू असताना नको. महिन्यातून एकदा टब गरम पाण्याने भरून त्यात भांड्यांच्या मशीनची कमी फेसाची पावडर दोन चमचे टाका, दहा-पंधरा मिनिटं पंप चालवा, पाणी सोडा आणि साध्या पाण्याने पुन्हा एकदा चालवा. क्षार काढायला लिंबूसत्व चालतं, पण ते आणि ब्लीच कधीही एकत्र करू नका, विषारी वायू निघतो.

येताना बाथरूमची लांबी-रुंदी, दाराची रुंदी, टाकी किती लिटरची आणि बाथरूमपासून किती उंचावर आहे, एवढं लिहून आणा. सोबत एका स्वच्छ बाटलीत घरचं पाणी आणा. त्याचा जडपणा आम्ही तुमच्यासमोर तपासतो, पैसे घेत नाही.